मोर्चानं अणुभट्टी थांबते का?

आमच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राजापूर तालुक्यातले एक काका राहतात. त्यांचं गाव नाटे गावाच्या पलीकडे, माडबनच्या जवळ. गिरणीत नोकरी, मग गिरणी बंद, मग वॉचमनची ड्युटी, असा मुंबईतला नेहमीचा प्रवास. जैतापूरच्या नियोजित अणुवीज प्रकल्पाचा विषय निघाला की ते एकच वाक्य बोलतात: "एवढी वर्षं आंदोलन झालं, प्रकल्प रद्द पण झाला नाही न् सुरू पण झाला नाही. मग आम्ही जिंकलो की हरलो?"

हा प्रश्न जगात बऱ्याच ठिकाणी विचारला गेला आहे. त्याचं उत्तर शोधायचं तर आधी एक गाठ सोडवावी लागते. 'अणुविरोधी आंदोलन' म्हणताना आपण दोन वेगळ्या गोष्टी एका पिशवीत कोंबतो. एक विरोध बॉम्बला असतो, दुसरा विजेच्या प्रकल्पाला. माणसं वेगळी, भीती वेगळी, आणि यश मिळवायच्या वाटाही वेगळ्या.

बॉम्बपासून सुरुवात करू. हिरोशिमा आणि नागासाकीवर ऑगस्ट १९४५ मध्ये बॉम्ब पडले, पण लाखो माणसं सह्या करायला बसली ती १९५४ मध्ये, आणि निमित्त होतं मासळी. त्या वर्षी १ मार्चला अमेरिकेनं प्रशांत महासागरातल्या बिकिनी बेटांवर हायड्रोजन बॉम्बची चाचणी केली. स्फोट अपेक्षेपेक्षा कितीतरी मोठा झाला. दूर समुद्रात 'दाइगो फुकुर्यू मारू' नावाची जपानी मासेमारी बोट होती, तिच्यावर २३ खलाशी. आकाशातून पांढरी राख पडली. सगळे आजारी पडले आणि सप्टेंबरमध्ये बोटीवरचा रेडिओ ऑपरेटर वारला. टोकियोच्या बाजारात ट्यूना मासा विकला जाईना. तेव्हा सुगिनामी भागातल्या गृहिणींनी सह्यांची मोहीम सुरू केली आणि पुढच्या वर्षापर्यंत देशभरात तीन कोटींहून जास्त सह्या जमल्या. आपल्याकडे पापलेटला कोणी हात लावेनासं झालं तर ससून डॉकवर काय होईल याची कल्पना करा, म्हणजे ती चळवळ कुठून आली ते कळेल. बॉम्ब तोवर बातमीतली गोष्ट होता. आता तो ताटात आला होता.

याच चाचणीनंतर, एप्रिल १९५४ मध्ये, नेहरूंनी लोकसभेत सगळ्या देशांनी चाचण्या तरी निदान थांबवाव्यात अशी मागणी केली. ब्रिटनमध्ये १९५८ च्या ईस्टरला हजारो माणसं लंडनहून ऑल्डरमास्टनच्या अण्वस्त्र कारखान्यापर्यंत चालत गेली. गोलातल्या उभ्या रेघेला खाली दोन तिरप्या रेघा, हे शांततेचं चिन्ह त्याच मोर्चासाठी काढलेलं. कॉलेजच्या पोरांच्या टी-शर्टवर ते आजही असतं, आणि अंगात घालणाऱ्या बहुतेकांना त्याचा अर्थ माहीत नसतो. झेंड्यांच्या खुणांच्या लिपीतली दोन अक्षरं एकावर एक ठेवून ते बनवलंय. 'न्यूक्लिअर'मधला एन आणि 'डिसआर्ममेंट'मधला डी.

पण माझ्या मते या सगळ्यात सर्वांत हुशार आंदोलन दातांचं होतं. हवेत केलेल्या स्फोटांतून स्ट्रॉन्शियम-९० नावाचा किरणोत्सर्गी पदार्थ बाहेर पडतो. तो पावसाबरोबर गवतावर येतो, गवत गाय खाते आणि दुधातून तो मुलांच्या पोटात जातो. रासायनिकदृष्ट्या तो कॅल्शियमचा चुलतभाऊ असल्यामुळे शरीर फसतं आणि त्याला हाडांत, दातांत जागा देतं. अमेरिकेतल्या सेंट लुईस शहरात १९५८ च्या अखेरीस शास्त्रज्ञ आणि गृहिणी यांनी मिळून मुलांचे पडलेले दुधाचे दात गोळा करायला सुरुवात केली. आपल्याकडे तो दात छपरावर फेकायची पद्धत. तिथे तो पाकिटात घालून पाठवायचा, आणि मुलाला बदल्यात बिल्ला मिळायचा: 'मी माझा दात विज्ञानाला दिला.' अशा तीन लाखांच्या आसपास दातांतून दिसलं की चाचण्या वाढल्या तसं मुलांच्या दातांतलं स्ट्रॉन्शियमही वाढत गेलं. दरम्यान लिनस पॉलिंग या रसायनशास्त्रज्ञानं ११ हजारांहून जास्त शास्त्रज्ञांच्या सह्या घेऊन त्या संयुक्त राष्ट्रांकडे दिल्या. नोव्हेंबर १९६१ मध्ये अमेरिकेतल्या कितीतरी शहरांत बायका एकाच दिवशी रस्त्यावर उतरल्या. आणि ऑगस्ट १९६३ मध्ये अमेरिका, सोव्हिएत संघ आणि ब्रिटन यांनी हवेत, पाण्याखाली आणि अंतराळात चाचण्या न करण्याचा करार केला.

जिंकले म्हणायचं? हो, मुलांच्या दातांपुरतं नक्कीच. पण करारात जमिनीखालच्या चाचण्यांना मोकळीक होती. अमेरिकेनं १९६३ नंतर जेवढे स्फोट केले ते त्याआधीच्या स्फोटांपेक्षा जास्त भरतात. दुधातली भीती गेली तशी रस्त्यावरची गर्दीही ओसरली. आंदोलनाचं एक दुखणं इथे दिसतं. लोकांना जो त्रास जाणवत होता तो थांबला, ज्या गोष्टीमुळे तो होत होता ती पडद्याआड चालूच राहिली.

आता मुंबईकडे येऊ. अणुऊर्जेचा पत्ता भारतात विचारला तर तो इथलाच निघतो. अणुऊर्जा विभाग कुलाब्याच्या अणुशक्ती भवनात, भाभा अणुसंशोधन केंद्र ट्रॉम्बेला, अणुवीज बनवणाऱ्या सरकारी न्यूक्लिअर पॉवर कॉर्पोरेशनचं मुख्यालय अणुशक्तीनगरात. त्यांच्यावर लक्ष ठेवायला १९८३ मध्ये नेमलेलं अणुऊर्जा नियामक मंडळही अणुशक्तीनगरातच. परीक्षक आणि परीक्षार्थी एकाच वसाहतीत. 'अप्सरा' ही पहिली भट्टी ४ ऑगस्ट १९५६ रोजी ट्रॉम्बेतच सुरू झाली. वीज बनवणाऱ्या भट्ट्या मात्र शहरापासून लांब. तारापूर उत्तरेला शंभरेक किलोमीटर, जैतापूरची नियोजित जागा दक्षिणेला चारशेच्या आसपास. म्हणजे फाइल मुंबईत हलते आणि सातबारा गावात बदलतो.

या शहरातून उठलेला एक आवाज आपण पार विसरलोय. दामोदर धर्मानंद कोसंबी, इतिहासकार म्हणून आपण ओळखतो ते, मुळात गणिती होते आणि भाभांच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत काम करायचे. पुण्याहून डेक्कन क्वीननं ये-जा. ते जागतिक शांतता चळवळीत होते आणि बॉम्बला विरोध करून थांबले नाहीत. भारतासारख्या उन्हाच्या देशानं अणुविजेपेक्षा सौरऊर्जेवर पैसा लावावा, असं ते १९६० च्या सुमारास जाहीरपणे मांडत होते. तेव्हा हे ऐकून लोक हसले असतील. भाभांशी त्यांचं बिनसलं आणि १९६२ मध्ये संस्थेनं त्यांचा करार पुढे वाढवला नाही.

त्याच वर्षी अणुऊर्जा कायदा आला, आणि भारतातल्या प्रत्येक आंदोलनाचं डोकं ज्या भिंतीवर आपटतं ती भिंत उभी राहिली. या कायद्याच्या १८ व्या कलमानं अणुप्रकल्पांबद्दलची माहिती गोपनीय ठेवायचा अधिकार सरकारला दिला. याचा अर्थ काय होतो ते १९९० च्या दशकात मुंबईनं पाहिलं. नियामक मंडळाचे तेव्हाचे अध्यक्ष ए. गोपालकृष्णन यांच्या काळात देशातल्या अणुप्रकल्पांमधल्या सुरक्षेच्या उणिवांचा अहवाल तयार झाला, सुमारे १३० मुद्द्यांचा. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज आणि बॉम्बे सर्वोदय मंडळ मुंबई उच्च न्यायालयात गेले: अहवाल लोकांना दाखवा. तो दाखवला गेला नाही. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही गोपनीयता मान्य केली. सेंट लुईसच्या बायकांकडे निदान दात होते. इथे मोजायलाच मिळत नसेल तर दाखवणार काय?

विजेच्या प्रकल्पांविरुद्धची लढाई जगात खऱ्या अर्थानं तापली ती १९७० च्या दशकात, आणि ती शेतकऱ्यांनी पेटवली. पश्चिम जर्मनीच्या नैर्ऋत्य टोकाला व्हिल नावाचं गाव आहे, द्राक्षमळ्यांचं. तिथे भट्टी येणार होती. बागायतदारांना किरणोत्सर्गाइतकीच धास्ती होती ती थंड करणाऱ्या मनोऱ्यांतून निघणाऱ्या धुक्याची. ऊन कमी झालं तर द्राक्षं पिकणार कशी? फेब्रुवारी १९७५ मध्ये त्यांनी बांधकामाच्या जागेत ठाण मांडलं. पोलिसांनी हुसकावलं तर काही दिवसांत हजारोंच्या संख्येनं परत आले. ती भट्टी कधीच उभी राहिली नाही. हापूसच्या मोहोराची आणि धुक्याची काळजी करणाऱ्या कोकणी माणसाला हे द्राक्षवाले लगेच कळतील.

ऑस्ट्रियाची गोष्ट तर सिनेमासारखी. झ्वेंटेनडॉर्फ इथे भट्टी पूर्ण बांधून झाली होती, बटण दाबायचं बाकी. वाद वाढला तेव्हा सरकारनं ५ नोव्हेंबर १९७८ रोजी सार्वमत घेतलं. जनतेनं सुमारे तीस हजार मतांच्या फरकानं 'नको' म्हटलं आणि ती भट्टी आजतागायत एक दिवसही चाललेली नाही.

जर्मनीत हे लोक पुढे थेट राजकारणात शिरले. ग्रीन पक्ष १९८० मध्ये स्थापन झाला आणि १९८३ मध्ये संसदेत २७ जागा घेऊन बसला. तिथे मतांच्या टक्केवारीनुसार जागा मिळतात हे लक्षात ठेवा. साडेपाच टक्के मतांवर आपल्याकडे एखाद्या पक्षाला भोपळासुद्धा मिळू शकतो. १९९८ मध्ये ग्रीन सत्तेत आले आणि अणुवीज टप्प्याटप्प्यानं बंद करायचं ठरलं. २०१० मध्ये चॅन्सलर मर्केल यांनी भट्ट्यांची मुदत वाढवली. मार्च २०११ मध्ये जपानमध्ये फुकुशिमाचा अणुअपघात घडला आणि त्याच मर्केल यांनी निर्णय फिरवला. शेवटच्या तीन भट्ट्या १५ एप्रिल २०२३ रोजी बंद झाल्या. या काळात जर्मनी कोळसाही जाळत राहिली, आणि धुरानं होणारं नुकसान आधी थांबवायला हवं होतं असं म्हणणारे पर्यावरणवादीही तिथे आहेत. त्यांचं म्हणणं मला उडवून लावता येत नाही.

आता मुख्य मुद्दा, पैशाचा. मुंबईकराला तो इमारतीच्या पुनर्विकासावरून पटकन समजेल. बिल्डरनं कर्ज काढलंय, जुनी इमारत पाडलीय, भाडं चालू आहे. अशा वेळी एक सभासद कोर्टात गेला आणि दोन वर्षांची स्थगिती आली, तर विटेचा भाव तोच राहिला तरी प्रकल्प महागतो, कारण व्याज झोपत नाही. अणुप्रकल्पात हे शंभर पटीनं होतं. बांधायला खर्च अफाट, इंधन त्यामानानं स्वस्त. म्हणून वीज कितीला पडणार हे मुख्यतः बांधकामाला किती वर्षं लागली यावर ठरतं. आंदोलन भट्टी फोडू शकत नाही, पण तारीख पुढे ढकलू शकतं, जास्तीच्या सुरक्षा-अटी लावून घेऊ शकतं, आणि मग हिशेब आपोआप बिघडतो.

पण इथे आंदोलकांनी स्वतःच्या पाठीवर फार जोरात थाप मारू नये. अमेरिकेत नव्या भट्ट्यांच्या ऑर्डरी थ्री माइल आयलंडच्या १९७९ च्या अपघाताच्या आधीच आटत चालल्या होत्या. जैतापूरला जी ईपीआर नावाची फ्रेंच बनावटीची भट्टी बसवायची होती तिचीच एक बहीण फ्रान्समध्ये फ्लामान्व्हिलला २००७ मध्ये बांधायला घेतली. २०१२ मध्ये वीज येणार होती, ती आली डिसेंबर २०२४ मध्ये. खर्च ३३० कोटी युरोंवरून १३२० कोटींवर गेला. हे काही मोर्चानं केलं नाही. काँक्रीट आणि वेल्डिंगच्या चुकांनी केलं.

भारतात केरळात १९८० च्या दशकात लोकांनी प्रकल्प येऊच दिला नाही. कर्नाटकात कैगा अणुप्रकल्पाविरुद्ध ज्ञानपीठविजेते शिवराम कारंत म्हातारपणी निवडणुकीला उभे राहिले आणि पडले. कैगा उभं राहिलं. काक्रापार अणुप्रकल्पाविरुद्धच्या लढ्यातून गुजरातेत वेडछीच्या गाडेकर दांपत्यानं 'अणुमुक्ती' नावाचं नियतकालिक चालवलं. मे १९९८ मध्ये पोखरणला स्फोट झाले तेव्हा पेढे वाटणाऱ्या देशात शहरी बुद्धिजीवींचा एक गट विरोधात उभा राहिला. पण शहरात बॉम्बला विरोध करणारे आणि गावात प्रकल्पाला विरोध करणारे क्वचितच एका मांडवात बसले. एकीकडे सेमिनार, दुसरीकडे लाठी.

जैतापूरला हे दोघे काही काळ तरी एकत्र आले. माडबन, मिठगवाणे, निवेली, करेल आणि वरचा वाडा, मिळून ९३८ हेक्टर जमीन. १६५० मेगावॉटच्या सहा फ्रेंच भट्ट्या, एकूण ९९०० मेगावॉट. गावकऱ्यांनी भरपाईचे धनादेश नाकारले, ग्रामसभांनी विरोधाचे ठराव केले, जेलभरो झालं. खाडीच्या तोंडावरच्या साखरी नाटे या मच्छीमारांच्या गावाची तर जमीन जातच नव्हती, मग ते का भडकले? कारण साधं आहे. अणुभट्टीतल्या उष्णतेपैकी साधारण एक तृतीयांश उष्णतेची वीज होते. उरलेली दोन तृतीयांश समुद्रात सोडायची असते, गरम पाण्यानं. ९९०० मेगावॉट वीज म्हणजे त्याच्या जवळपास दुप्पट उष्णता किनाऱ्यावर. शिवाय सुरक्षेसाठी समुद्राचा पट्टा बंद होणार ही धास्ती. पाणी जरा तापलं तर मासळी लांब जाते हे कळायला कोळ्याला अहवाल लागत नाही.

नोव्हेंबर २०१० मध्ये केंद्रानं ३५ अटी घालून पर्यावरण मंजुरी दिली आणि पुढच्याच आठवड्यात फ्रान्सचे अध्यक्ष सार्कोझी भारतात आले, करार झाला. मग फुकुशिमा. १८ एप्रिल २०११ रोजी साखरी नाट्याला पोलिसांचा गोळीबार झाला आणि एक तरुण मच्छीमार गेला. त्याच आठवड्यात तारापूर ते जैतापूर यात्रा निघाली. तारापूरहून, कारण त्या भट्ट्यांच्या विस्तारात अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठली होती आणि पुनर्वसनाचा अनुभव तिथल्या लोकांना विचारायची सोय होती. शिवसेनेनंही विरोधाचा झेंडा घेतला. मुंबईतल्या चाकरमान्यांची मतं आणि गावच्या जमिनी एकाच कुटुंबात असल्यावर कोकणात पाय रोवलेल्या पक्षाला दुसरी वाट नव्हती. पुढे पक्ष सत्तेत आला, गेला, फुटला. प्रकल्प ना रद्द झाला ना सुरू.

२०१३ मध्ये भरपाई हेक्टरी साडेबावीस लाखांवर गेली तेव्हा बहुतेक खातेदारांनी ती घेतली. याला कोणी फितुरी म्हणू नये. जमीन कायद्यानं आधीच गेली होती. माझ्या मते आंदोलनाचं सगळ्यात ठोस, मोजता येणारं यश हा वाढलेला आकडाच आहे, आणि नेमका तोच आंदोलनाला पोकळ करून गेला.

तमिळनाडूत कुडनकुलमला याहून मोठं आंदोलन झालं, हजारो लोकांवर राजद्रोहाचे गुन्हे लागले. तिथे भट्टी जवळजवळ तयार होती. सर्वोच्च न्यायालयानं मे २०१३ मध्ये परवानगी दिली आणि ती सुरू झाली. पश्चिम बंगालात हरिपूरला मात्र अजून काहीच बांधलं नव्हतं, राज्यातलं सरकार बदललं आणि प्रकल्प गुंडाळला. कागदावर असलेला प्रकल्प हलवता येतो. काँक्रीट पडल्यावर फार कठीण.

मग जैतापूर नक्की कशामुळे अडलं? मोर्चाइतकंच एका कलमामुळे. ऑगस्ट २०१० मध्ये संसदेनं अणुअपघाताच्या भरपाईचा कायदा केला. जगभरची रीत अशी की अपघात झाला तर जबाबदारी प्रकल्प चालवणाऱ्याची, यंत्र पुरवणाऱ्याची नाही. पण त्याच जूनमध्ये भोपाळच्या वायुकांडाचा निकाल लागला होता, पंचवीस वर्षांनी आरोपींना जेमतेम दोन वर्षांची शिक्षा, आणि देश संतापलेला होता. डावे आणि तेव्हा विरोधात असलेला भाजप यांनी रेटा लावला आणि कायद्यात १७ (ख) हे कलम आलं: यंत्रात दोष असेल तर पुरवठादाराकडूनही वसुली करता येईल. परदेशी कंपन्यांनी हात आखडता घेतला. त्यात फ्रान्सची आरेव्हा कंपनी स्वतःच तोट्यात बुडाली आणि तिचं काम ईडीएफ या फ्रेंच सरकारी वीज कंपनीकडे गेलं. ईडीएफनं एप्रिल २०२१ मध्ये प्रस्ताव दिला. दराचा घोळ अजून सुटलेला नाही.

म्हणजे अणुप्रकल्पांना भारतात सर्वांत जास्त अडवलं ते भोपाळच्या गॅसपीडितांनी, ज्यांचा अणूशी काही संबंध नव्हता. २०२५ च्या अर्थसंकल्पात सरकारनं २०४७ पर्यंत १०० गिगावॉट अणुविजेचं लक्ष्य जाहीर केलं, आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये संसदेनं जुने दोन्ही कायदे बाजूला सारून नवा कायदा केला. खासगी कंपन्यांना दार उघडलं, पुरवठादाराचं ते कलम गेलं. कायद्याचं नाव 'शांती'. नाव कुणी ठेवलं त्याला विनोदबुद्धी असावी.

हे सगळं मी काकांना एकदा चहावर सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं. मग म्हणाले, उशीर करून कंपनीला व्याज पडतं हे बरोबर, पण उशीर आम्हालाही पडला. २०१० पासून गावच्या घराला हात लावलेला नाही. प्रकल्प आला तर घर राहील की नाही, आजूबाजूला कोण राहील, ठाऊक नाही, म्हणून वासे बदलले नाहीत. आंब्याची कलमंसुद्धा नवीन लावली नाहीत, सात-आठ वर्षं वाढवायची कुणासाठी? भाऊ म्हणतो थांब, पुतण्या म्हणतो विकून टाक.

गेल्या गणपतीत पाऊस देवघरात गळला. आता मे महिन्यात कौलं उतरवून पत्रे घालायचं त्यांनी ठरवलंय. कौलं परवडत नाहीत असं नाही. पत्रे काढून नेता येतात.